सात पावसाळे आणि आठवा

सुश्रुतसंहितेच्या चिकित्सास्थानातला एकोणतिसावा अध्याय सोमाचा आहे. तिथे एका वेलीचं वर्णन येतं. शुक्ल पक्षात तिला रोज एक पान फुटतं, पौर्णिमेला पंधरा पानं पुरी होतात, मग कृष्ण पक्षात रोज एक पान गळतं आणि अमावस्येला नुसती वेल उरते. सोमाचे चोवीस प्रकार सुश्रुताने नावांनिशी दिले आहेत आणि पंधरा पानांची ही खूण सगळ्यांना सारखीच सांगितली आहे. विधिपूर्वक सेवन करणाऱ्याला नवं शरीर लाभतं आणि ते दहा हजार वर्षं टिकतं, असंही तिथे म्हटलं आहे.

अशी वेल आजवर कोणाला दाखवता आलेली नाही. आपल्याकडे सोम म्हणून जी वापरतात ती सोमवल्ली किंवा रानशेर. खडकाळ जागी वाढणारी, तोडली की पांढरा चीक येणारी. तिच्या अंगावर पानं जवळपास नसतातच, नुसती हिरवी पेरं. १८६० च्या दशकात पुण्यात संस्कृतचं अध्यापन करणारे जर्मन पंडित मार्टिन हाउग यांनी याज्ञिकांकडून विधी समजून घेतला आणि सोमरस चाखूनही पाहिला. चव इतकी वाईट की थोड्या चमच्यांपलीकडे तो त्यांच्या घशाखाली उतरला नाही. तसं त्यांनी लिहूनच ठेवलं आहे.

पण सोमवल्लीची कल्पना ज्याने केली त्याने झाडाकडे काय मागितलं, हे पाहण्यासारखं आहे. एक म्हणजे झाडाने माणसाचा काळ वाढवावा. दुसरं म्हणजे झाडाला काळ कळावा, त्याने दिवस मोजावेत आणि ती मोजणी आपल्या अंगावर दाखवावी. पहिल्या मागणीबद्दल वनस्पतिशास्त्राकडे सांगण्यासारखं काही नाही. दुसरी मात्र सह्याद्रीने केव्हाच पुरी केली आहे, आणि तीही पंधरा दिवसांच्या नव्हे, आठ वर्षांच्या हिशोबाने. त्यासाठी हिमालयात जावं लागत नाही. मुंबईतल्या पवईहून रिक्षा करून जाता येईल इतक्या जवळ ते झाड आहे.

आदि शंकराचार्य मार्गावरून पवई तलावापलीकडे पाहिलं की आयआयटीच्या आवाराची झाडी दिसते आणि तिच्या मागे डोंगर. त्या डोंगरांच्या कुशीत विहार तलाव आहे, त्याच्या पुढे तुळशी, आणि या सगळ्याला कवेत घेणारं सुमारे १०४ चौरस किलोमीटरचं संजय गांधी राष्ट्रीय उद्यान. पश्चिमेला बोरिवली, पूर्वेला मुलुंड, उत्तरेला ठाण्याचा येऊर. सगळ्यात उंच जागा जांभूळमाळ, सुमारे ४६८ मीटर. हा सगळा बेसाल्टचा, म्हणजे काळ्या पाषाणाचा उतार, आणि त्या उतारांवर झाडांच्या सावलीत माणसाहून उंच वाढणारं दाट झुडूप म्हणजे कारवी.

कारवीचं शास्त्रीय नाव स्ट्रोबिलँथस कॅलोसा. काही अभ्यासक तिला कार्व्हिया कॅलोसा म्हणतात. घराणं अडुळशाचं, कुंपणावरची कोरांटीसुद्धा त्याच घराण्यातली. जून-जुलैत कारवी पाहिली तर डोळे हिरवे होतात. पान हातभर नाही पण वीतभर असतं, कडेला करवतीसारखे दाते, अंगाला खरखरीत, शिरा ठसठशीत. सरळसोट काठीवर समोरासमोर पानांच्या जोड्या. दिवाळी उलटली की ही पानं करपायला लागतात आणि उन्हाळ्यात उतारावर नुसत्या काठ्या उभ्या राहतात. जंगल वाळलं, असं नवख्याला वाटतं. पुन्हा पाऊस, पुन्हा पालवी. असं एक वर्ष, दोन वर्षं, सात वर्षं. फूल नाही.

आठव्या पावसाळ्यात, ऑगस्ट सरता सरता, काठ्यांच्या टोकांना कणसासारखे तुरे दिसू लागतात. सप्टेंबरात डोंगर निळाजांभळा होतो. एखादं झुडूप नव्हे, एखादा पट्टाही नव्हे, डोळा पोचेल तिथपर्यंतची सगळी कारवी एकाच पंधरवड्यात फुलायला लागते.

बहराच्या दिवसांत उद्यानातल्या कान्हेरी लेण्यांकडच्या चढावर एक तुरा हातात धरून पाहावा. काठी अंगठ्याएवढी जाड, तिच्यावर बारीक बारीक गाठी. तुऱ्यावर हिरवट खवले एकावर एक बसलेले, आणि त्या खवल्यांवर चिकट लव. बोट लावलं की चिकटतं, आणि त्याला एक उग्र, औषधी म्हणावा असा वास येतो. तो वास हाताला नंतरही राहतो. खवल्याच्या आडून एकेक फूल बाहेर येतं, घंटेच्या आकाराचं, निळं, तोंडाशी पाच पाकळ्यांनी उघडलेलं. आज दोन, उद्या तीन, असं करत तुरा आठवडेच्या आठवडे चालू राहतो. या सगळ्याहून जास्त लक्षात राहतो तो आवाज. कारवीच्या रानात उभं राहिलं की डोक्याभोवती मधमाश्यांचा एकच अखंड गुणगुणाट असतो. सातेरी असते, आग्या असते, भुंगे असतात, फुलपाखरं असतात. मध काढणाऱ्यांना कारवीचं वर्ष आधीपासून ठाऊक असतं. महाबळेश्वर भागात कारवीचा मध वेगळा ओळखला जातो. रंगाने गडद, दाट, आणि दर वर्षी न मिळणारा.

मग फुलं संपतात, बोंडं धरतात आणि झुडूप मरतं. एकदाच फुलायचं, तेही आयुष्याच्या शेवटी. मेलेल्या काठीवर वाळलेली बोंडं हिवाळाभर, उन्हाळाभर तशीच राहतात. जूनमध्ये पहिला पाऊस आला, बोंडांना ओल लागली, की ती फुटतात. फट्, फट्, फट् असा आवाज रानभर ऐकू येतो. या घराण्याच्या बोंडात प्रत्येक बीच्या बुडाशी एक टणक आकडा असतो. बोंड उकललं की तो आकडा बीला जोराने भिरकावून देतो. ओल्या पालापाचोळ्यात पडलेलं बी लगेच रुजतं. त्या जूनमध्ये रुजलेली सगळी रोपं एका वयाची. त्यांचा पहिला पावसाळा तो, आणि मोजणी तिथून सुरू.

संजय गांधी उद्यानाच्या डोंगरांत कारवी २००० मध्ये फुलली, २००८ मध्ये फुलली, २०१६ मध्ये फुलली, २०२४ मध्ये फुलली. हा हिशोब मागे नेऊन पाहिला तर अंगावर काटा येतो. पवईचा तलाव १८९१ मध्ये बांधला गेला. मधल्या काळात कारवीची मोजणी चुकली नसेल, तर तलावाच्या उभ्या आयुष्यातला पहिला बहर १८९६ चा, मुंबईत प्लेग आला त्या वर्षीचा. तिथपासून २०२४ पर्यंत बहर झाले सतरा. सव्वाशेहून अधिक वर्षांत सतरा पिढ्या. अर्थात हे गणित आहे. अलीकडचे चार बहर सोडले तर मी नोंदींच्या नव्हे, आकड्यांच्या आधारावर बोलतो आहे. १९५८ मध्ये आयआयटी सुरू झाली. त्याच हिशोबाने तिच्या वाट्याला नऊ बहर आले. चार वर्षं तिथे शिकून बाहेर पडणाऱ्या प्रत्येक दोन तुकड्यांपैकी एकीने आपल्या खिडकीमागच्या डोंगरावरची कारवी फुललेली पाहिलेलीच नसते.

झाडाला काळ कळतो कसा, या प्रश्नाचं दिवसापुरतं उत्तर विज्ञानाला बऱ्यापैकी सापडलं आहे. १७२९ मध्ये फ्रान्समधल्या द मेराँ या खगोलशास्त्रज्ञाने लाजाळूचं रोप अंधारात ठेवलं. ऊन नाही, उजेड नाही, तरी पानं सकाळी उघडायची आणि संध्याकाळी मिटायची. दिवस झाडाच्या आत होता. सजीवांच्या या आतल्या दिवसरात्रीची जनुकं शोधणाऱ्या तिघा शास्त्रज्ञांना २०१७ मध्ये नोबेल मिळालं. त्यांचं काम फळमाशीवरचं होतं. ऋतूचंही उत्तर आहे. १९२० मध्ये गार्नर आणि अ‍ॅलार्ड या अमेरिकी संशोधकांनी तंबाखूवर प्रयोग करून दाखवलं की फुलायचं कधी हे झाड दिवसाच्या लांबीवरून ठरवतं. आपल्याकडे शेवंतीचे काही बागायतदार मळ्यात रात्री बल्ब लावतात, ते याचसाठी. रात्र लहान आहे असं शेवंतीला वाटत राहतं, कळी धरणं लांबतं आणि फुलं हव्या त्या बाजाराला काढता येतात.

आठ वर्षांचं तसं नाही. दिवस सूर्य दाखवतो, ऋतू दिवसाची लांबी दाखवते. आठवं वर्ष लागलं हे झाडाला सांगणारं बाहेर काहीच नसतं. सातव्या पावसाळ्यातला सप्टेंबर आणि आठव्या पावसाळ्यातला सप्टेंबर डोंगरावर सारखेच. म्हणजे मोजणी झाडाच्या आतच व्हायला हवी, आणि ती आठ वर्षं पुसली जाता कामा नये.

काय मोजलं जात असेल? याचा एक फार सुंदर प्रयोग झाडावर नव्हे, किड्यावर झाला आहे. उत्तर अमेरिकेत सिकाडा नावाचे किडे आहेत, आपल्याकडे पावसाळ्याच्या तोंडी झाडांवर किर्र ओरडतात त्यांचे भाऊबंद. त्यांच्या काही जातींची पिल्लं जमिनीखाली मुळांचा रस पीत सतरा वर्षं काढतात आणि सतराव्या वर्षी एकदम बाहेर येतात. काहींची मुदत तेरा वर्षं. रिचर्ड कारबन या संशोधकाने सतरा वर्षांवाल्या जातीची मोठी झालेली पिल्लं पीचच्या झाडांच्या मुळांशी ठेवली आणि त्या झाडांना एका वर्षात दोनदा बहर येईल अशी व्यवस्था केली. किडे एक वर्ष आधी बाहेर आले. त्यांनी वर्षं मोजलीच नव्हती. मुळांतल्या रसाचा चढउतार, म्हणजे झाडाचे वसंत मोजले होते. एका वर्षात दोन वसंत दाखवले तर त्यांच्या लेखी दोन वर्षं झाली. हे निष्कर्ष २००० मध्ये प्रसिद्ध झाले.

कारवीसुद्धा वर्षं नव्हे, पावसाळे मोजत असावी असं मला वाटतं. तिच्या आयुष्यात ठळक असं एकच काही घडतं: पाऊस येतो, पानं फुटतात, पाऊस जातो, पानं झडतात. मोजायचं झालं तर तेच मोजण्याजोगं आहे.

मोजणी कशी होते याहून मला जास्त ओढ लागते ती ती का होते याची. एवढं थांबून मिळतं काय? डॅनियल जँझेन या परिसरशास्त्रज्ञाने १९७६ मध्ये बांबूंबद्दल हाच प्रश्न विचारला आणि दिलेलं उत्तर कारवीलाही लागू पडतं. बी हे अन्न आहे. उंदीर, पाखरं, मुंग्या, अळ्या सगळे त्यावर टपलेले असतात. दर वर्षी थोडं थोडं बी टाकलं तर खाणारेही दर वर्षी तेवढेच वाढतात आणि सगळं फस्त करतात. पण सात वर्षं काहीच दिलं नाही, तर केवळ कारवीच्या बियांवर कोणाची पैदास होत नाही. मग आठव्या वर्षी एकदम इतकं दिलं, की खाणाऱ्यांची पोटं भरली तरी रुजायला उरतंच.

या युक्तीला एक अट आहे. सगळ्यांनी एकाच वर्षी फुललं पाहिजे. एखादं झुडूप सातव्याच वर्षी फुललं, तर आजूबाजूचे सगळे खाणारे त्याच्यावर तुटून पडतात. नवव्या वर्षी फुललं, तरी तेच. शिवाय परागकण आणायला शेजारी फुललेलं कोणी नसतं. अशी चुकार झुडपं दर वर्षी कुठे कुठे दिसतात. त्यांची संतती फारशी मागे उरत नाही. म्हणजे वेळ पाळायला लावणारा कोणी मुकादम रानात नाही, चुकलेल्यांची बी टिकत नाही एवढंच. पिढ्यान्पिढ्या हीच छाटणी होत आली आणि डोंगरच्या डोंगर एका ठेक्यात आला. एकट्या कारवीला आठ वर्षं मोजता येणं निरुपयोगी आहे. शेजारच्या लाखो कारव्यांनीही तेच आठ मोजले, तरच त्या मोजण्याला अर्थ.

म्हणूनच वेगवेगळ्या डोंगरांची वेगवेगळी पंचांगं असतात. बोरिवलीच्या डोंगरात फुलली म्हणून त्याच वर्षी भीमाशंकरला किंवा माळशेजला फुलेल असं नाही. ज्या रानाची बी एकमेकांत मिसळते त्या रानाचं साल एक.

हे वेळापत्रक निसर्गात घडलं कसं, याचा एक धागा जपानमध्ये सापडतो. कारवीच्या कुळात स्ट्रोबिलँथस फ्लेक्सिकॉलिस नावाची एक वनस्पती आहे. ओकिनावा बेटावर ती सहा वर्षांनी एकदम फुलते आणि मरते. तीच वनस्पती तैवानमध्ये पुन्हा पुन्हा फुलते, मरत नाही. मधल्या यायेयामा बेटांवर ती एकदा फुलून मरते खरी, पण सगळ्या मिळून एका वर्षी नाही, ज्याची त्याची वेळ. जपानी संशोधकांनी २०१९ मध्ये तिन्ही ठिकाणच्या वनस्पतींची आनुवंशिक तुलना प्रसिद्ध केली. त्यात त्यांना तिन्हींत ठळक फरक आढळला नाही. पुन्हा पुन्हा फुलणं ही मूळची रीत, असं वंशावळीवरून दिसलं. म्हणजे जात एकच, आणि काळाशी वागण्याच्या तीन तऱ्हा. एकगठ्ठा फुलण्याची सवय उत्क्रांतीच्या मानाने अलीकडे लागलेली असू शकते.

बांबूंच्या आकड्यांतही असंच काही दडलेलं आहे. बांबूंच्या फुलण्याच्या मुदती लहान लहान अंकांच्या गुणाकारांतून वाढत गेल्या असाव्यात, असं २०१५ मध्ये व्हेलर, नोवाक आणि डेव्हिस यांनी मांडलं. दोन वर्षांनी फुलणाऱ्यांत एखादं रोप चार वर्षांनी फुलणारं निघालं, तर ते जेव्हा फुलेल तेव्हा बाकीचेही फुललेले असतातच. ते एकटं पडत नाही, शिवाय त्याला वाढायला जास्त वेळ मिळतो. चाराचे तसेच आठ होऊ शकतात. तीन वर्षांचं निघालं तर मात्र ते एकाआड एक बहराला एकटं पडेल. हे बांबूंबद्दल आहे, पण कारवीचे आठ म्हणजे दोन दुणे चार, चार दुणे आठ, हे माझ्या मनातून जात नाही.

बांबूचा उल्लेख आलाच आहे तर दोन गोष्टी सांगायलाच हव्यात. जपान-चीनकडच्या एका बांबूची मुदत सुमारे १२० वर्षांची धरतात. त्याच्या फुलण्याची चिनी नोंद इसवी सन ९९९ ची आहे आणि १९६० च्या दशकाच्या अखेरीस तो जपानमध्ये फुलला तेव्हा दुसऱ्या देशांत नेऊन लावलेली त्याची बेटंही फुलली. दुसरी गोष्ट मिझोरामची. तिथला एक बांबू सुमारे ४८ वर्षांनी फुलतो. १९५८-५९ मध्ये तो फुलला, उंदीर माजले, बांबूचं बी संपल्यावर ते भातावर पडले आणि दुष्काळ पडला. मदतकार्यासाठी उभ्या राहिलेल्या संघटनेतून १९६१ मध्ये मिझो नॅशनल फ्रंट झाली, १९६६ मध्ये उठाव झाला आणि शांततेचा करार व्हायला १९८६ उजाडावं लागलं. बांबू फुलला की दुष्काळ येतो, असं आपल्याकडेही जुनी माणसं म्हणतात. त्या म्हणण्याला अंधश्रद्धा म्हणून उडवून लावण्याआधी मिझोराम आठवावा. कारवीच्या कुळाकडे परत यायचं तर, दक्षिणेत बारा वर्षांनी फुलणारी नीलकुरिंजी ही कारवीची सख्खी बहीण. ती मुन्नारकडे २०१८ मध्ये फुलली. तमिळनाडूतल्या पलियन आदिवासींमध्ये माणसाचं वय कुरिंजीच्या बहरांवरून सांगायची रीत होती.

आपल्या डोंगरांतल्या वारली आणि कोळी महादेवांच्या घरात कारवी वेगळ्या वाटेने येते. वाळलेल्या काठ्या एकमेकींना खेटून उभ्या करायच्या, आडव्या काठ्यांनी बांधायच्या आणि वरून शेणमाती लिंपायची, हा कूड. भिंत हलकी, उन्हाळ्यात गार. लग्नाचा चौक तांदळाच्या पिठाने लिहायचा तो याच भिंतीवर. आज जगभर ज्याला वारली चित्रकला म्हणतात, तिचा मूळचा कागद कारवीच्या काठ्यांवर उभा आहे. कारवी फुलून मेली की त्या वर्षी काठ्यांची चंगळ. भाजीच्या वेलांना आधार, कुंपण, चुलीला जळण, सगळ्याला कारवी. राष्ट्रीय उद्यानातल्या आणि त्याला लागून असलेल्या आरेतल्या पाड्यांवर आता विटांच्या आणि पत्र्यांच्या भिंती वाढल्या, तरी कूड माहीत असलेली माणसं तिथे आहेत. मुंबईत कारवीबद्दल विचारायचं तर आधी त्यांना विचारावं.

पवईला काळाशी उलट्या टोकाने खेळणारी एक वनस्पतीही आहे, तीही तलावातच. जलपर्णी. मूळची दक्षिण अमेरिकेतली, शोभेसाठी नेलेली आणि जगभर माजलेली. सांडपाण्याचं खत आणि ऊन मिळालं तर दोनेक आठवड्यांत ती दुप्पट होते. फुलायची वाट पाहत नाही, तुकड्याने पसरते; शिवाय बी टाकते ते चिखलात पंधरा-वीस वर्षं जिवंत राहू शकतं. त्यामुळे यंत्रं लावून उपसली तरी ती परत येते. पवईकरांना ही चांगली परिचयाची आहे, कारण तिच्याकडे कोणी दुर्लक्ष करूच शकत नाही. पाणी दिसेनासं होतं, डास होतात, बातम्या येतात, निविदा निघतात. पंधरवड्यात दुप्पट होणारं झाड आपल्या नजरेत भरतं. आठ वर्षांनी फुलणारं भरत नाही.

आणि कारवीचं खरं दुखणं हेच आहे. आठातली सात वर्षं ती ओळखीची खूणच देत नाही. डोंगरउतारावर एखाद्या कामासाठी पाहणी झाली आणि ती तिसऱ्या वर्षाच्या मार्चमध्ये झाली, तर पाहणाऱ्याला दिसतील वाळक्या काठ्या. तो लिहील झुडुपी रान. तो खोटंही लिहीत नसतो. पण पाचव्या वर्षी उतार कापला, तर पाच वर्षांची मोजणी मातीत जाते, आणि तिथे पुन्हा बी पडायचं तर शेजारच्या रानाच्या आठव्या वर्षापर्यंत थांबावं लागतं. शेजारी रान असेल तर. आकडा फार लांब बी टाकू शकत नाही. आंबा तोडला तर दुसरा आंबा लावता येतो. कारवीचं रान लावून होत नाही, कारण लावायची असते ती एका वयाच्या हजारो झुडपांची एकी.

दुसरा धोका आगीचा. बहर ओसरला, झुडपं मेली, आणि पुढच्या पिढीचं सगळं बी वाळलेल्या काठ्यांवर टांगलेलं. पाऊस यायला आठ-नऊ महिने. मधले फेब्रुवारी ते मे हे नेमके वणव्यांचे महिने. आरे, येऊर, मुलुंडच्या अंगाचे उतार उन्हाळ्यात पेटतात हे या भागातल्या लोकांनी गॅलरीतून पाहिलेलं आहे. कधी टाकलेली सिगारेट, कधी पेटवलेला कचरा, कधी मुद्दाम. दुसऱ्या कोणत्याही वर्षी आगीतून वाचलेल्या बुडख्यांना पुन्हा पालवी फुटण्याची आशा असते. बहरानंतरच्या उन्हाळ्यात बुडखा मेलेला असतो आणि जळतं ते बी. एका दुपारची आग मागची आठ वर्षं आणि पुढच्या सगळ्या पिढ्या घेऊन जाऊ शकते.

२०२४ च्या सप्टेंबरात उद्यानात कारवी पाहायला गर्दी झाली. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीसारख्या संस्थांसोबत माणसं रानवाटांवर गेली, लहान मुलं खांद्यावर बसून आली, हजारो फोटो निघाले. हे मला फार मोलाचं वाटतं. २०१६ मध्ये आईचं बोट धरून आलेलं मूल २०२४ मध्ये मित्रांबरोबर आलं असेल, तर त्याला आठ वर्षं म्हणजे काय हे पुस्तकातून शिकायला नको. पण फुलं पाहणारा माणूस ऑक्टोबरात परततो आणि कारवीला माणसांची गरज त्यानंतर लागते.

२०२४ च्या बियांची रोपं २०२५ च्या पावसात उगवली. मोजणी सुरळीत चालली तर ती २०३२ मध्ये फुलतील. मधल्या वर्षांत पावसाळ्यात उद्यानात गेलात तर ती ओळखायला सोपी आहेत: करवती कडेची खरखरीत पानं, समोरासमोर, आणि सगळी झुडपं एका उंचीची. दर वर्षी ही उंची वाढलेली दिसेल. २०३२ चा बहर पाहायला तर सगळे येतीलच. त्याहून मोठं काम २०३३ च्या जानेवारीत सुरू होईल, जेव्हा वनखात्याला उतारांवर जाळरेषा काढाव्या लागतील, गवत वेळेत कापावं लागेल आणि धूर दिसला की धावायला पाड्यांवरची, आयआयटीतली, मुलुंड-पवईच्या सोसायट्यांतली माणसं लागतील. जूनचा पहिला पाऊस पडेपर्यंत, म्हणजे पाचेक महिने.